‘अ डान्स विथ ड्रॅगन्स’: उभी कात्री, आडवी कात्री

‘गेम ऑफ थ्रोन्स’ ही टीव्ही मालिका ज्या पुस्तकांवरून आली त्या ‘अ साँग ऑफ आइस अँड फायर’ मालिकेचं पाचवं पुस्तक, ‘अ डान्स विथ ड्रॅगन्स’, कसं वाटलं, असं वाचलेल्या माणसाला विचारलं की उत्तर सहसा मधलं येत नाही. एक तर ‘मालिकेतलं सगळ्यात मुरलेलं पुस्तक’, नाही तर ‘हजार पानं वाचली आणि हाती धुपाटणं’. मजा अशी की दोन्ही बाजू पुरावा म्हणून तीच प्रकरणं पुढे करतात: पूर्वेच्या मीरीन शहरातली राणी डेनेरिस, नदीवरचा टिरियन, उत्तर सीमेवरच्या बर्फाच्या भिंतीवरचा जॉन स्नो. एकाला जे सखोल वाटतं तेच दुसऱ्याला पाल्हाळ वाटतं.

माझ्या मते हे भांडण आवडीनिवडीचं कमी आणि कात्रीचं जास्त आहे. जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या या पुस्तकाला दोनदा कात्री लागली, एकदा उभी आणि एकदा आडवी. कुठे कापलं आणि का कापलं ते नीट पाहिलं की कोणती तक्रार पुस्तकाची, कोणती कात्रीची आणि कोणती नुसत्या वाट पाहण्याची, हे बऱ्यापैकी वेगळं काढता येतं. (पुढे सगळं फोडलेलं आहे. वाचायचं राहिलं असेल तर इथूनच परत फिरा.)

आधी तारखा. पहिलं पुस्तक १९९६ मध्ये आलं, दुसरं १९९८ मध्ये, तिसरं २००० मध्ये. दर दोन वर्षांनी एक जाडजूड ठोकळा, अशी सवय वाचकाला लागली. मग चौथं, ‘अ फीस्ट फॉर क्रोज’, आलं थेट २००५ मध्ये आणि पाचवं १२ जुलै २०११ रोजी. पण पुस्तकांमधलं अंतर मोजून खरी कळ कळत नाही. ती पात्रांच्या हिशेबाने मोजावी लागते, कारण इथे प्रत्येक प्रकरण एकेका पात्राच्या नजरेतून लिहिलेलं असतं. टिरियन, जॉन, डेनेरिस, ब्रान, दावोस यांच्यापैकी कुणाच्याही डोळ्यांनी लिहिलेलं एकही प्रकरण चौथ्या पुस्तकात नाही. म्हणजे २००० साली बापाला बाण मारून पळालेला टिरियन वाचकाला पुन्हा भेटला २०११ मध्ये. थिऑन ग्रेजॉयचा तर त्याहून कहर: त्याचं आधीचं प्रकरण १९९८ च्या दुसऱ्या पुस्तकातलं. तेरा वर्षं! दुसरं पुस्तक अकरावीत वाचलेला मुलगा थिऑन परत येईपर्यंत तिशीला टेकला.

एवढ्या वाटेनंतर जे हातात पडतं ते निव्वळ पुस्तक राहत नाही. अकरा वर्षांत वाचकाने मनात स्वतःची एक आवृत्ती लिहिलेली असते. तिच्यात टिरियन डेनेरिसला भेटतो, ड्रॅगन पश्चिमेकडे उडतात, भिंत कोसळते. छापील पुस्तकात यातलं काहीच घडत नाही.

उशीर का झाला, हे समजल्याशिवाय पुस्तकाचा संथपणाही समजत नाही. तिसऱ्या पुस्तकानंतर कथेत पाच वर्षांची उडी घ्यायची, असा मार्टिन यांचा बेत होता. मुलं मोठी होतील, ड्रॅगन मोठे होतील, आर्या आपलं शिक्षण पुरं करेल आणि मग कथा पुढे सुरू होईल. आर्या आणि ब्रानसाठी ही उडी सोयीची होती. जॉनसाठी नव्हती. भिंतीच्या पहारेकऱ्यांचा नुकताच सरसेनापती झालेला पोरगा, दाराशी हजारो रानटी लोक, पलीकडून येणारं मरण, आणि पाच वर्षं काहीच झालं नाही? टिरियनची बहीण सर्सी, तिचंही तेच. बाप मेल्यावर राज्य तिच्या हातात आलं, तर पाच वर्षांत ती काय गोंधळ घालेल ते दाखवायलाच हवं. उडी घेतली तर दर दुसऱ्या प्रकरणात ‘त्याला आठवलं की तीन वर्षांपूर्वी…’ असं लिहावं लागणार. २००१ मध्ये त्यांनी हा बेत सोडून दिला आणि लिहिलेलं बरंच बाजूला टाकलं.

इथे जरा थांबून विचार करा. ज्या काळावरून उडी मारायची होती, तोच काळ आता लिहून भरायचा होता. चौथं आणि पाचवं पुस्तक म्हणजे बहुतांशी ही भर. मूळ आराखड्यात मोठे टप्पे उडीच्या अलीकडे आणि पलीकडे होते, मधल्या काळात नव्हते. ‘काहीच घडत नाही’ ही तक्रार म्हणून अगदी निराधार नाही. घडायचं ते पुढे ठेवलेलं आहे आणि आपण वाचतोय ती तिथवरची पायवाट.

उभी कात्री

भर लिहिता लिहिता पुस्तक एवढं फुगलं की एका खंडात मावेना. आता कापायचं कसं? साधा मार्ग म्हणजे मधोमध: सगळ्या पात्रांची अर्धी गोष्ट आत्ता, अर्धी नंतर. त्यात अडचण ही की पहिल्या अर्ध्याला शेवटच राहत नाही, सगळे वाटेत उभे. लेखक डॅनियल अब्राहम यांनी दुसरी वाट सुचवली. अर्ध्या पात्रांची पूर्ण गोष्ट सांगा, सगळ्यांची अर्धी नको. मार्टिन यांनी ती धरली. राजधानी, लोखंडी बेटं, डॉर्न आणि नद्यांचा मुलूख चौथ्या पुस्तकात गेला. भिंत, उत्तर आणि समुद्रापलीकडचा पूर्वेचा प्रदेश पाचव्यात. दोन्ही पुस्तकं मोठ्या प्रमाणात एकाच काळात चालतात.

आकडेच पाहा. चौथ्यात ४६ प्रकरणं. त्यांपैकी सर्सीची १०, ब्रिएनची ८, जेमीची ७, सॅमवेलची ५. म्हणजे निम्म्याहून जास्त पुस्तक या तीन-चार जणांनी व्यापलेलं. त्यांतली ब्रिएन आणि सर्सी यांच्या नजरेतून तोवर एकही प्रकरण लिहिलेलं नव्हतं. पाचव्यात ७३ प्रकरणं. जॉन १३, टिरियन १२, डेनेरिस १०, थिऑन ७. उरलेली डझनभर जणांत विखुरलेली, कुणाला चार, कुणाला दोन, कुणाला फक्त एक.

उभ्या कापाचा पहिला परिणाम असा की चौथ्या पुस्तकाचा राग पाचव्यावर निघाला. चौथ्याच्या शेवटी मार्टिन यांनी एक छोटं निवेदन जोडलं होतं: बाकीची पात्रं पुढच्या पुस्तकात येतील आणि ते पुस्तक पुढच्या वर्षी येईल अशी आशा आहे. त्या ‘पुढच्या वर्षा’ला सहा वर्षं लागली. वाचकांची तगमग इतकी वाढली की २००९ मध्ये लेखक नील गेमन यांना या विषयावर लिहावं लागलं. लेखक वाचकाचा बांधील नोकर नाही, असा त्यांचा रोख होता, शब्द मात्र बरेच झणझणीत. मुद्दा त्यांचा बरोबर होता. पण ‘पुढच्या वर्षी’ हे शब्द छापून गेले होते, आणि छापलेला वायदा वाचक विसरत नाही, हेही तितकंच खरं.

दुसरा परिणाम जास्त नाजूक आहे आणि त्याकडे फार कमी लोकांचं लक्ष जातं. एकाच काळातल्या घटना सहा वर्षांच्या अंतराने वाचल्या की रहस्याची आणि ताणाची जागाच बदलते. राजपद मागणाऱ्या स्टॅनिसचा दूत दावोस, त्याचं घ्या. चौथ्या पुस्तकात सर्सीच्या दरबारात बातमी येते की व्हाइट हार्बरच्या लॉर्ड मँडर्लीने दावोसचं मुंडकं उडवलं. एका ओळीची बातमी, पण वाचकाच्या लाडक्या माणसाची. सहा वर्षं वाचक तो मेला असं धरून बसले, किंवा नसणार असं धरून. पाचवं पुस्तक उघडलं तर दावोसच्या नावाची प्रकरणं समोर. तिसऱ्या प्रकरणाच्या शेवटी मँडर्ली त्याचे हात आणि डोकं तोडायचा हुकूम सोडतो आणि चौथ्यात कळतं की वेशीवर टांगलेलं डोकं दुसऱ्याच कैद्याचं होतं. दोन्ही पुस्तकं एकत्र विणलेली असती तर हुकूम, बातमी, उलगडा असा चढता क्रम मिळाला असता. प्रत्यक्षात बातमी आधी, हुकूम सहा वर्षांनी, आणि उलगडा त्यानंतर शे-दीडशे पानांत. फटाका एकीकडे आणि आवाज दुसरीकडे.

जॉनचा मित्र सॅमवेल आणि जॉन यांचा प्रसंग तर अक्षरशः दोनदा छापलेला आहे. जॉन सॅमला भिंतीवरून लांब पाठवतो, ते बोलणं चौथ्यात सॅमच्या बाजूने येतं आणि पाचव्यात जॉनच्या. संवाद तेच. सॅमच्या बाजूने वाचताना जॉन थंड, परका वाटतो, मित्राला हाकलणारा. जॉनच्या बाजूने वाचल्यावर कळतं की त्याच सकाळी त्याने सॅमसोबत जाणाऱ्या गिली या रानटी मुलीला तिचं बाळ मागे ठेवून दुसऱ्याचं बाळ उचलायला लावलंय आणि सॅमसमोर तो चेहरा घट्ट धरून उभा आहे. मालिकेतल्या सगळ्यात सुंदर जोडकामांपैकी हे एक. पण २०११ मध्ये वाचणाऱ्या कित्येकांना ते ‘आधीचंच परत छापलंय’ असं वाटलं, कारण पहिली बाजू वाचून सहा वर्षं उलटली होती आणि तिचे बारकावे डोक्यातून गेले होते.

आडवी कात्री

ही मात्र पुस्तकाला जास्त लागली. पाचव्या पुस्तकाच्या शेवटी दोन मोठ्या लढाया यायच्या होत्या. एक उत्तरेत, बर्फात, स्टॅनिस आणि विंटरफेलचा किल्ला बळकावून बसलेले बोल्टन यांची. दुसरी मीरीनच्या तटाबाहेर, युंकाई शहराच्या फौजांनी घातलेल्या वेढ्याची. जागा उरली नाही म्हणून दोन्ही सहाव्या पुस्तकात ढकलल्या गेल्या.

कीर्तनात बुवांनी पूर्वरंग दीड तास रंगवावा, उत्तररंगाची पहिली ओवी म्हणावी आणि आरती लावून मोकळं व्हावं, तसं झालं. स्टॅनिसची फौज विंटरफेलपासून तीन दिवसांच्या वाटेवर बर्फात अडकलेली. टिरियन मीरीनच्या वेशीबाहेर भाडोत्री शिपायांच्या छावणीत, डेनेरिसला न भेटलेला. भेटणार कशी, ती ड्रॅगनच्या पाठीवरून गवताळ माळावर जाऊन पडलेली. थिऑनचा काका व्हिक्टेरियन ग्रेजॉय चौथ्या पुस्तकात जहाजं घेऊन निघाला तो पाचवं संपलं तरी समुद्रातच. जॉनला स्वतःच्याच लोकांनी भोसकलेलं. बारा प्रकरणांच्या प्रवासानंतर टिरियनला राणी फक्त दुरून, झुंजीच्या आखाड्यात दिसते, हे ऐकून पुस्तक फेकावंसं वाटणाऱ्यांना मी दोष देत नाही.

पूर्वरंग मात्र उत्तररंगाच्याच मापाने बेतलेला आहे. जॉनची तेरा प्रकरणं हे त्याचं उत्तम उदाहरण. पहिल्या वाचनात ती नुसती कारकुनी वाटते: भिंतीवरचा कोठावळा बोवेन मार्शच्या याद्या, बर्फाखालच्या कोठारांतलं धान्य आणि खारवलेलं मांस, किती तोंडं, किती महिने पुरेल. ब्राव्होसच्या बँकेचा टायको नेस्टोरिस येतो, कर्जाची आणि जहाजांची घासाघीस होते. रानटी टोळ्यांना आत घेताना ओलीस पोरं किती, सोनं किती, हत्यारं कुठे ठेवायची. दुसऱ्या वाचनात या याद्या अंगावर येतात. मार्श जे मोजतोय ते प्रत्येक वेळी जॉनविरुद्धच्या एकेका तक्रारीचं टिपण आहे. कोठारातला आकडा जसजसा खाली जातो तसतशी सुरी जवळ येते. जॉन आपल्या विश्वासाच्या माणसांना एकेक करून दूरच्या किल्ल्यांवर पाठवतो, शेवटच्या प्रकरणात लांडग्यालासुद्धा कोंडून ठेवतो. सगळं समोर मांडलेलं असतं. आपण लढाईची वाट पाहत असतो म्हणून ते दिसत नाही.

म्हणून या पुस्तकाबद्दल एक गंमत नेहमी आढळते: पहिल्यांदा वाचून वैतागलेला माणूस दुसऱ्यांदा वाचून त्याचा वकील होतो. याचा अर्थ पहिल्या वेळी तो चुकला होता असा नाही. पहिल्या वाचनाला शेवट लागतो. दुसऱ्यात, शेवट नाहीच हे आधी ठाऊक असल्यामुळे नजर आडव्या-उभ्या धाग्यांवर जाते.

मीरीनची गाठ

सगळ्यात जास्त भांडण होतं ते डेनेरिसच्या दहा प्रकरणांवरून. राणी शहर जिंकते आणि मग तिथेच बसते. रोज रात्री खून पडतात, रोज सकाळी दरबारात फिर्यादी उभे. हिझदार नावाचा सरदार नव्वद दिवस शांतता राखून दाखवतो आणि बदल्यात लग्न मागतो. अस्टापोरहून रोगराई घेऊन निर्वासित येतात. पहिल्याच प्रकरणात एक बाप पोत्यातून जळकी हाडं घेऊन येतो. मेंढ्याची नाहीत, त्याच्या लहान मुलीची. त्यानंतर डेनेरिस दोन ड्रॅगन साखळदंडात घालून तळघरात कोंडते. तिसरा, सगळ्यात मोठा, हाताला लागत नाही.

समर्थक म्हणतात, जिंकणं सोपं आणि राज्य करणं अवघड हेच तर दाखवायचंय, आणि ड्रॅगन कोंडणं म्हणजे तिने स्वतःलाच कोंडणं. बरोबर आहे. विरोधक म्हणतात, हे तीन प्रकरणांत कळलं, दहा कशाला? तेही बरोबर आहे. योजना पहिल्यांची खरी, लांबी दुसऱ्यांची. नावांनीही घात केलाय. हिझदार, रेझनाक, स्काहाझ, वर ‘झो’ आणि ‘मो’. घिस्कारी सरदारांना एकमेकांपासून वेगळं ओळखायलाच चार प्रकरणं जातात, आणि ज्याचा चेहरा लक्षात राहत नाही त्याच्या कटकारस्थानाची भीतीही वाटत नाही.

लांबी का वाढली त्याला कारण आहे, आणि मार्टिन यांनीच त्याला ‘मीरीनची गाठ’ म्हटलंय. मीरीनकडे चहूबाजूंनी माणसं निघालेली: डॉर्नचा राजपुत्र क्वेंटिन लग्नाचा करार घेऊन, टिरियन, ड्रॅगनना वश करणारं शिंग घेऊन व्हिक्टेरियन, शिवाय वेढा घालणाऱ्या फौजा. कोण कुणाच्या आधी पोचतो यावर सगळं अवलंबून. क्वेंटिन लग्नाआधी बराच लवकर आला तर डेनेरिसला खरा पर्याय मिळतो. लग्नानंतर फार उशिरा आला तर त्याच्या येण्यालाच अर्थ राहत नाही. मार्टिन यांनी हे वेगवेगळ्या तऱ्हांनी लिहून पाहिलं आणि शेवटी तो दरबारात उभा राहतो ते लग्नाच्या आदल्या दिवशी. दुसरी अडचण अशी की डेनेरिस ड्रॅगनवर बसून निघून गेली की शहरात पाहणारे डोळेच उरत नाहीत. ती सुटली म्हातारा सरदार बॅरिस्टन सेल्मीला चार प्रकरणं देऊन. कारस्थानात न रमणाऱ्या सरळ शिपायाच्या नजरेतून कारस्थान दाखवायचं, ही युक्ती लागू पडली. मीरीनचा सगळ्यात वेगवान भाग डेनेरिस तिथे नसतानाचा आहे, हा विरोधाभास तिच्या चाहत्यांना आवडत नाही, पण आहे खरा.

क्वेंटिनबद्दल मी विरोधकांच्या बाजूने नाही. चार प्रकरणं खर्चून एक राजपुत्र आणला आणि जाळून मारला, हा काय प्रकार, असं पुष्कळ जण म्हणतात. त्याच्या प्रकरणांची शीर्षकं ओळीने वाचा: व्यापाऱ्याचा नोकर, भाडोत्री टोळीतला शिपाई, नाकारलेला वर, ड्रॅगन माणसाळवणारा. गोष्टीतला राजकुमार अडथळे पार करत राजकन्येपर्यंत जातो, त्याच पायऱ्या. फक्त शेवटच्या पायरीवर मागून दुसरा ड्रॅगन येतो आणि राजपुत्र तीन दिवस तळमळून मरतो. रक्तात डेनेरिसच्या घराण्याचा थोडा अंश असला म्हणून ड्रॅगन ऐकत नाही, हे सांगायला याहून थेट वाट नव्हती.

यंग ग्रिफ या नावाने वावरणाऱ्या, डेनेरिसचा भाचा म्हणवणाऱ्या एगॉनचं प्रकरण वेगळं. सात पुस्तकांच्या मालिकेत पाचव्यात एक नवा राजपद मागणारा, त्याच्यामागे गोल्डन कंपनी ही दहा हजारांची भाडोत्री फौज, आणि तो खरा की तोतया हेही सांगितलेलं नाही. सदाशिवरावभाऊंच्या तोतयाची गोष्ट माहीत असलेल्या मराठी वाचकाला यात लगेच रस वाटावा. तरी जुन्या पात्रांसाठी अकरा वर्षं थांबलेल्याला नवा दावेदार म्हणजे पंगतीत घुसलेला आगंतूक वाटला, आणि ते मी समजू शकतो.

टिरियनच्या बारा प्रकरणांपैकी नदीवरची उत्तम: बुडालेलं शहर, धुकं, दगडी कातडीचे रोगी, आणि एकाच पुलाखालून बोट दोनदा जाते तो प्रसंग. व्होलँटिस सोडल्यावर मात्र कथा शिडातला वारा गेल्यासारखी होते. डुकरावर बसून झुंजीची सोंगं, गुलामांचा बाजार, पुन्हा सोंगं. त्यात तो वडिलांचा मरतानाचा एकच वाक्प्रचार इतक्या वेळा घोळवतो की शोकाचं चऱ्हाट होतं. पुनरुक्तीची तक्रार तशी सगळ्या पुस्तकाबद्दल आहे. ‘वर्ड्स आर विंड’ ही म्हण भिंतीपासून मीरीनपर्यंत कुणाच्याही तोंडी येते. ई-बुक असेल तर शोधपेटीत टाकून पाहा. अडाणी शिपाई आणि दरबारी मुत्सद्दी एकच म्हण वापरू लागले की पात्रांचे आवाज एकमेकांत मिसळतात.

थिऑनबद्दल मात्र दोन्ही बाजू गप्प होतात. सात प्रकरणं. पहिल्याचं नाव ‘रीक’, आणि अंधारकोठडीत जिवंत उंदीर खाणारा हा माणूस कोण, हे वाचकाने ओळखायचं. दुसरं, तिसरंही ‘रीक’. मग रॅमसे बोल्टनच्या खोट्या आर्याशी लग्नात कन्यादानाला खऱ्या ओळखीचा माणूस हवा म्हणून त्याला आंघोळ घालून उभं करतात, आणि शीर्षक होतं ‘विंटरफेलचा राजपुत्र’. पुढे ‘पक्षबदलू’, मग ‘विंटरफेलमधलं भूत’, आणि सातव्याचं शीर्षक ‘थिऑन’. त्याच प्रकरणात तो त्या मुलीचा हात धरून तटावरून बर्फात उडी मारतो. पुस्तकात नाव परत मिळवण्याची एवढी एकच गोष्ट सुरू होऊन संपते. ती कात्रीतून वाचली, आणि म्हणूनच बहुधा सगळ्यांना आवडते.

रागाचा विक्रीवर परिणाम झाला नाही, हे जाता जाता. २०११ मध्येच १७ एप्रिलला टीव्ही मालिका सुरू झाली होती. पुस्तकाच्या अमेरिकेत पहिल्या दिवशी छापील, ई-बुक आणि ऑडिओ मिळून २,९८,००० प्रती गेल्या. २०१२ चं लोकस पारितोषिक मिळालं, ह्यूगोचं नामांकनही. टीव्हीवरून आलेल्यांनी वादात नवीच भर घातली: त्यांना क्वेंटिन आणि यंग ग्रिफ फालतू वाटतात, कारण पडद्यावर ते नाहीतच.

वाचायचं कसं

आपल्याकडे दुकानात मिळणारा संच बहुधा ब्रिटिश पेपरबॅकचा असतो. त्यात सात खंड दिसतात म्हणून मालिका पूर्ण झाली असं समजू नका. तिसरं आणि पाचवं पुस्तक प्रत्येकी दोन भागांत फोडलंय. पाचव्याचे भाग ‘ड्रीम्स अँड डस्ट’ आणि ‘आफ्टर द फीस्ट’. पहिला भाग संपला तिथे मत बनवू नका, तो बांधणीच्या सोयीचा थांबा आहे.

पहिल्या वाचनाला छापील क्रमच ठेवा, आधी चौथं, मग पाचवं. दुसऱ्या वाचनाला दोन्ही विणून वाचा. चाहत्यांनी तयार केलेले असे एकत्र क्रम बरेच फिरतात, पण ते जसेच्या तसे पाळायची गरज नाही. तीन-चार जागा सांभाळल्या की बाकी चालून जातं. जॉनचं पहिलं प्रकरण सॅमच्या पहिल्याच्या जवळ घ्या, पण जॉनचं दुसरं मात्र सॅमच्या समुद्रप्रवासानंतर. नाहीतर बाळांच्या अदलाबदलीचं गुपित सॅमसोबतचा भिंतीवरचा वृद्ध पंडित एमॉन उलगडण्याआधीच फुटतं. दावोसचं तिसरं, मग सर्सीच्या दरबारातली बातमी, मग दावोसचं चौथं. ब्रिएनचं शेवटचं प्रकरण एका किंकाळीवर संपतं; पाचव्यातलं जेमीचं एकुलतं प्रकरण त्याला लगेच जोडू नका, मधे निदान आठ-दहा प्रकरणं जाऊ द्या, तरच ती अचानक समोर आल्यावर धक्का बसतो. सर्सीचंही तसंच: चौथ्यात ती कैद होते तिथून पाचव्यातल्या तिच्या दोन प्रकरणांपर्यंत वेळ गेलेला जाणवायला हवा.

असं विणल्यावर एक गोष्ट हमखास बिघडते. सर्सी आणि जॉन शेजारी येतात तेव्हा दोघांचा कारभार ताडून पाहता येतो आणि दोन्ही खुलतात. पण ब्रिएनची भटकंती आणि टिरियनचा प्रवास शेजारी आले की दोन संथ प्रवास एकमेकांना ओढून बुडवतात. त्यांच्यामध्ये थिऑन किंवा लोखंडी बेटं घाला. ब्रिएनला वगळायचा मोह मात्र टाळा. ती जिला शोधतेय ती आर्याची बहीण सान्सा तिकडे नाही हे आपल्याला माहीत असतं, म्हणून शोध फुकट वाटतो. पण युद्धातून पळालेल्या शिपायांवर अनवाणी फिरणारा मेरिबाल्ड नावाचा धर्मोपदेशक जे बोलतो, ते याच भटकंतीत आहे, आणि युद्धाबद्दल मालिकेत त्याहून खरं काही नाही.

सहाव्या पुस्तकाचं म्हणाल तर २०१५ च्या अखेरची मुदत हुकल्याचं मार्टिन यांनी २ जानेवारी २०१६ रोजी लिहिलं. तोवर त्यातलं एक प्रकरण मात्र आडव्या कापाची जागा बोटाने दाखवतं. २०११ च्या डिसेंबरात त्यांनी ते स्वतःच वाचायला दिलं होतं. पाचव्यातलं थिऑनची बहीण अ‍ॅशा हिचं शेवटचं प्रकरण, जिथे तिला समोर आलेला म्हातारा आपलाच भाऊ आहे हे ओळखू येत नाही, ते वाचून झालं की लगेच हे घ्या. मधे पान उलटल्याइतकंही अंतर नाही. थिऑन मनगटांनी भिंतीला टांगलेला आहे, स्टॅनिस बँकेच्या माणसाच्या कागदावर रक्ताने सही करतोय आणि बाहेर बर्फ पडतंय.